१०,३६३ वेळा

शनिवारी सकाळी लेकाला शाळेतून आणायला गेले होते. ओहायोत शुक्रवारी रात्री शाळाशाळांचे अमेरिकन फुटबॉलचे सामने असतात आणि दुसऱ्या दिवशी सकाळी कोच सगळ्या पोरांना एका अंधाऱ्या खोलीत बसवून आदल्या रात्रीचं चित्रीकरण दाखवतात. तो गाडीत बसला आणि सगळ्या गाडीत मलमाचा, घामाचा, ओल्या गवताचा वास भरला. हनुवटीखाली हेल्मेटच्या पट्ट्याचा लाल वळ, बोटांना चिकटपट्ट्या. चेहरा मात्र फुललेला. "कसं झालं?" म्हणून विचारलं तर म्हणाला, "आई, कोचने माझ्यासाठी एकदाही व्हिडिओ थांबवला नाही!" मला वाटलं, याचं कौतुक राहून गेलं की काय. "म्हणजे तुझा खेळ दाखवलाच नाही?" "अगं, चुकलं की थांबवतात. मागे नेतात, परत दाखवतात, सगळ्यांसमोर विचारतात. माझ्यासाठी थांबवलंच नाही, म्हणजे माझे सगळे ब्लॉक बरोबर होते." एवढं बोलून त्याने डबा उघडला आणि थालीपीठ खायला लागला. त्याच्या दृष्टीने विषय संपला होता.

माझ्या मनातून तो जाईना. आपल्याकडे मूल वाढवायचं म्हणजे त्याचं नाव घेतलं जावं म्हणून वाढवायचं. स्टेजवर बोलावलं जावं, यादीत वर असावं, फोटोखाली छापून यावं. क्लीव्हलंडजवळच्या पार्माच्या देवळात कुणी भेटलं, गणपतीत मंडळाच्या जेवणाच्या रांगेत कुणी भेटलं की पहिला प्रश्न मुलांच्या बक्षिसांचा. "फुटबॉल खेळतो" असं सांगितलं की लगेच, "मग टचडाउन किती केले?" एकही नाही. तो चेंडूला हातसुद्धा लावत नाही. ऑफेन्सिव्ह लाइनमध्ये खेळतो, आणि तिथल्या पाच जणांना पुढे फेकलेला पास झेलायची नियमानेच मुभा नसते. एकटा सेंटर चेंडू पायांमधून मागे देतो, तेवढाच काय तो स्पर्श. बाकीच्या चौघांनी समोरून धावून येणाऱ्याला अडवायचं, क्वार्टरबॅकला, म्हणजे पास फेकणाऱ्याला, तीन सेकंद मिळवून द्यायचे, किंवा चेंडू घेऊन पळणाऱ्यासाठी वाट उघडायची. ती वाट उघडली की तिच्यातून दुसराच कुणीतरी धावत जातो आणि माईकवर त्याचं नाव येतं.

क्लीव्हलंडमध्ये राहून लाइनचा विषय निघाला की बोलणं एकाच माणसाशी येऊन थांबतं. जो थॉमस, नंबर ७३, क्लीव्हलंड ब्राउन्स या इथल्या व्यावसायिक संघाचा लेफ्ट टॅकल, म्हणजे लाइनच्या डाव्या टोकाचा खेळाडू. आम्ही या गावात आलो तेव्हा मला या खेळात काडीचंही कळत नव्हतं. टीव्हीवर माणसांचा ढीग दिसायचा, शिट्टी वाजायची, ढीग उकलायचा, पुन्हा रांग लागायची. शेजारच्या म्हाताऱ्या गृहस्थांनी मला खेळ बघायला शिकवलं. आयुष्यभर पोलादाच्या कारखान्यात काम केलेला माणूस. रविवारी त्यांच्या तळघरात ढोबळी मिरची आणि सॉसेज परतल्याचा वास यायचा, आणि ते म्हणायचे, चेंडूकडे बघू नकोस, डाव्या बाजूच्या टोकाच्या माणसाकडे बघ. चेंडूकडे सगळेच बघतात.

मग मी बघू लागले. साडेसहा फूट उंच, सुमारे १४० किलोचा माणूस एक हात जमिनीला टेकवून वाकलेला असतो. चेंडू हलतो त्या क्षणी तो मागे जायला लागतो. हे मला फार दिवस उमगत नव्हतं, की एवढा अवाढव्य माणूस आपल्या कामाची सुरुवात मागे जाऊन करतो. डावा पाय मागे सरकवायचा, उजवा त्याच्यामागून ओढून घ्यायचा, पुन्हा डावा. पाठ ताठ, गुडघे वाकलेले, हात छातीपाशी, आणि समोरून येतोय तो याच्याहून हलका, याच्याहून वेगवान, बाहेरून वळसा घालायचा की आतून घुसायचं हे फक्त त्यालाच ठाऊक. क्वार्टरबॅक उजव्या हाताने फेकणारा असेल तर फेकताना त्याची पाठ डावीकडे असते. तिथून येणारा त्याला दिसतच नाही. १९८५ साली वॉशिंग्टनचा क्वार्टरबॅक जो थाइसमन याचा पाय लॉरेन्स टेलरने देशभर दाखवल्या जाणाऱ्या सामन्यात मोडला, ते दृश्य ज्यांनी पाहिलं त्यांना ही जागा किती मोलाची हे वेगळं सांगावं लागत नाही. तर त्या न दिसणाऱ्या बाजूला थॉमस उभा असायचा. त्याच्या पायांत घाई म्हणून नसायची. समोरचा धडकायचा, ढकलायचा, गिरकी घ्यायचा, हात झटकायचा, आणि थॉमस आपला त्याच्या आणि क्वार्टरबॅकच्या मध्ये. तोवर पास सुटलेला असायचा, कॅमेरा चेंडूबरोबर निघून गेलेला असायचा. पडद्याच्या कडेला ती दोघं एकमेकांना सोडून परत फिरताना अर्धवट दिसायची.

विस्कॉन्सिनमधल्या ब्रुकफील्डचा हा मुलगा. कॉलेजही विस्कॉन्सिनलाच. २००७ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे व्यावसायिक संघ कॉलेजमधले खेळाडू निवडतात तेव्हा, तो अगदी वरच्या खेळाडूंत निवडला जाणार हे सगळ्यांना माहीत होतं. अशा मुलांना न्यू यॉर्कला बोलावतात, सूट घालून मंचावर टोपी आणि जर्सी घेऊन फोटो काढायला. हा गेला नाही. त्या दिवशी तो वडिलांबरोबर लेक मिशिगनमध्ये बोटीवर मासे पकडत होता. तिसऱ्या क्रमांकावर ब्राउन्सने त्याचं नाव घेतलं ते त्याने पाण्यावर ऐकलं. त्याच दिवशी त्याच ब्राउन्सने पहिल्याच फेरीत आणखी एकाला घेतलं, ब्रेडी क्विन नावाच्या क्वार्टरबॅकला. तो न्यू यॉर्कला गेला होता. निवड लांबत लांबत २२ व्या क्रमांकापर्यंत गेली आणि तोवर कॅमेरे त्याच्या चेहऱ्यावर रोखलेले. २०१० मध्ये ब्राउन्सने त्याला दुसऱ्या संघाला देऊन टाकलं. मला क्विनबद्दलही वाईट वाटतं. सगळ्या जगाने आपल्याकडे बघत असणं हीसुद्धा एक शिक्षाच असू शकते, हे त्या दुपारी त्या मुलाच्या तोंडावर दिसत होतं.

थॉमसच्या मागे कोण उभं असेल हे मात्र कधीच ठरलेलं नसायचं. त्याच्या काळात ब्राउन्सकडून वीस वेगवेगळ्या क्वार्टरबॅकनी सामन्याची सुरुवात केली. वीस! फ्राय, अँडरसन, क्विन, डेलहोम, मकॉय, वीडन, होयर, मँझील, मकाउन, केसलर, कायझर आणि त्यांच्या अधेमधे येऊन गेलेले बाकीचे. क्लीव्हलंडमध्ये एक जर्सी गाजली होती, पाठीवरच्या पहिल्या नावावर काट मारून खाली दुसरं, मग त्यावरही काट, मग तिसरं, अशी नावांची लांबच लांब पट्टी असलेली. सहा मुख्य प्रशिक्षक आले आणि गेले. डावपेच बदलले, मालक बदलले. पहिल्या वर्षी, २००७ ला, दहा सामने जिंकूनही प्लेऑफ, म्हणजे हंगामाअखेरची बाद फेरी, हुकली. त्यानंतर चार, पाच, पाच, चार, पाच, चार, सात, तीन, एक, शून्य. थॉमस मैदानात उतरला ते सामने १६७. त्यांतले जिंकलेले ४८. आणि पहिल्या दहा वर्षांत दहाही वेळा त्याची प्रो बोलसाठी, म्हणजे एनएफएल या व्यावसायिक लीगमधल्या सर्वोत्तमांत, निवड झाली. प्लेऑफचा एकही सामना त्याच्या नशिबी आला नाही.

या गोष्टीला लोक दोन तऱ्हांनी सांगतात. एक तऱ्हा हळहळीची, की एवढा गुणी माणूस वाया गेला. दुसरी पूजेची, की बघा, निष्ठा असावी तर अशी. मला दोन्ही पटत नाहीत. २०१५ च्या हंगामात त्याला डेन्व्हरला देण्याची बोलणी झाली होती, ती शेवटच्या क्षणी फिसकटली. डेन्व्हरने त्याच हंगामात सुपर बोल, म्हणजे लीगचा अंतिम सामना, जिंकला. म्हणजे थोडं इकडचं तिकडे झालं असतं तर त्याच्या बोटात विजेत्यांची अंगठी असती. त्याने ती नाकारली नव्हती आणि तिच्यामागे धावलाही नव्हता. पण वाया कसा गेला म्हणायचं? त्याच्या कामाचं माप सामन्याच्या शेवटी लागतच नाही. त्याचं काम तीन-चार सेकंदांचं. ते बरोबर झालं की झालं. नंतर पास चुकीच्या माणसाच्या हातात गेला, चेंडू निसटला, किकरने मारलेला चेंडू खांबाबाहेर गेला, याने ते चार सेकंद चूक ठरत नाहीत. हे मला फार पटतं, आणि पटतं म्हणून थोडं भयही वाटतं. कारण असं काम करणाऱ्याला थांबवायला बाहेरचं काहीच उरत नाही. हार नाही, जीत नाही, टाळ्या नाहीत.

आकडेसुद्धा नाहीत. या देशात चेंडू कुणी किती यार्ड नेला, कितव्या मिनिटाला, कुठल्या हवेत, याचा हिशेब लहान मुलांना पाठ असतो. क्वार्टरबॅकला पाडणाऱ्याच्या नावावर सॅक जमा होतात, १९८२ पासून लीग ते अधिकृतपणे मोजते. त्याला पाडू न देणाऱ्याच्या खात्यात काय जमा होतं? लाइनमनचं नाव स्टेडियमभर घुमतं ते चूक झाली म्हणून पंचाने पिवळा रुमाल टाकला की. होल्डिंग, ऑफेन्स, नंबर अमुक, दहा यार्ड. त्याच्या वाट्याला आलेला सार्वजनिक उल्लेख म्हणजे बहुतेक वेळा तेवढाच.

थॉमसला मात्र एक आकडा मिळाला.

१०,३६३. सलग इतके स्नॅप तो खेळला. स्नॅप म्हणजे सेंटरने चेंडू मागे दिला तो प्रत्येक क्षण, प्रत्येक डाव. २००७ च्या पहिल्या सामन्यापासून ब्राउन्सचा आक्रमक संघ जेव्हा जेव्हा मैदानात उभा राहिला तेव्हा तेव्हा डाव्या टोकाला हाच होता. घोटा मुरगळला म्हणून एक डाव बाहेर नाही, तीस गुणांनी मागे पडलोय म्हणून शेवटची पाच मिनिटं बाकावर नाही, एरी सरोवरावरून बर्फाळ वारा सुटलाय आणि स्टेडियम अर्धं रिकामं झालंय म्हणून नाही. लीग स्नॅप मोजायला लागली १९९९ मध्ये, आणि तेव्हापासून इतकी लांब साखळी कुणाची नाही. विचार केला तर विलक्षण आकडा आहे. त्यात कर्तृत्व असं काहीच लिहिलेलं नाही. तो होता, एवढंच लिहिलंय.

२२ ऑक्टोबर २०१७. टेनेसीविरुद्धचा सामना घरच्याच मैदानावर होता. तिसऱ्या क्वार्टरमध्ये एका डावानंतर ढीग उकलला आणि थॉमस उठला नाही. गुडघ्यावर बसून त्याने डावा हात पोटाशी धरला होता. दंडाचा ट्रायसेप्स स्नायू फाटला होता. शेजारच्यांच्या तळघरात आम्ही बघत होतो. त्या वर्षी तोवर एकही सामना जिंकलेला नव्हता, पुढेही जिंकणार नव्हतो, त्यामुळे त्या खोलीत हरण्याचं दुःख असं कुणाला राहिलं नव्हतं. पण तो बाजूला चालत जायला लागला तसे शेजारी उठून उभे राहिले. गुडघे दुखत असतानाही उभे राहिले आणि पुढचा डाव सुरू होईपर्यंत बसले नाहीत. त्याच्या जागी दुसरा मुलगा येऊन वाकला. सामना जादा वेळेत ९–१२ असा गेला. २०१८ च्या मार्चमध्ये थॉमसने निवृत्ती जाहीर केली. त्याच्याआधी जानेवारीत, १६ पैकी १६ सामने हरलेल्या संघाची मिरवणूक म्हणून हजारो लोक कडाक्याच्या थंडीत स्टेडियमभोवती शून्याच्या आकाराचा फेरा मारून आले होते. त्याच वर्षी पुढे स्टेडियममध्ये संघाच्या मानकऱ्यांच्या नावांशेजारी १०,३६३ हा आकडा लावला गेला. आणि २०२३ च्या ऑगस्टमध्ये, पात्र ठरल्याच्या पहिल्याच वर्षी, तो इथून तासाभरावरच्या कँटनमध्ये फुटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये गेला.

निवृत्तीनंतरचे त्याचे फोटो बघितले की ओळखू येत नाही. पन्नासएक पौंड, म्हणजे वीस-बावीस किलो उतरवलेले. पोहतो, सायकल चालवतो. त्याने मुलाखतींत अगदी उघडपणे सांगितलंय की ते वजन अंगावर ठेवणं हेच एक काम होतं. भूक असो नसो, दिवसभर खात राहायचं. हे वाचलं तेव्हा मला आमच्या सांगलीचे पैलवान आठवले. आमच्या गल्लीच्या टोकाला तालीम होती. संध्याकाळी तांबड्या मातीत तेल, ताक, हळद मिसळल्याचा वास रस्त्यापर्यंत यायचा. खुराक म्हणजे काय ते मी तिथे पाहिलंय, बदाम कुटण्याचा आवाज, तुपाचे डबे, दुधाच्या चरव्या. घरच्यांनी म्हशी विकून पोराला खाऊ घातलेलं असायचं. आणि कुस्ती सुटलेले पैलवानही पाहिलेत. आखाडा सुटतो, भूक सुटत नाही. पाराच्या कट्ट्यावर बसलेले, चपटे झालेले कान, गुडघ्याला गरम पट्टा, साखरेच्या गोळ्या खिशात. एके काळी ज्यांच्या नावाने मैदान भरायचं त्यांना उठताना दोघांनी हात द्यावा लागायचा. थॉमसने ते वजन वेळेवर खाली ठेवलं, हे मला त्याच्या सगळ्या खेळाइतकंच मोठं वाटतं. माझी आई मात्र फोनवर अजून विचारते, "पोराला नीट खायला घालतेस ना? एवढं अंगमेहनतीचं खेळतोय." आणि मी घालतेही. पोळ्यांची चवड संपते, दुधाचा गॅलन दोन दिवस पुरत नाही, कोचनी वजन वाढवायला सांगितलंय.

गुडघ्यांचं, वजनाचं मी सोसेन. डोक्याचं काय?

माइक वेब्स्टरबद्दल वाचल्यापासून हा प्रश्न मला सोडत नाही. तोही विस्कॉन्सिनचाच, त्याच विद्यापीठात खेळलेला, आणि लाइनमधलाच, सेंटर. पिट्सबर्ग स्टीलर्सच्या चार सुपर बोल विजयांत तो मधोमध होता. सतरा हंगाम खेळला. कडाक्याच्या थंडीतही उघड्या दंडांनी खेळायचा. ज्या कँटनला थॉमस गेला तिथेच १९९७ मध्ये वेब्स्टर उभा राहिला होता. तोवर त्याचं मन आणि संसार दोन्ही विस्कटले होते. कधी ट्रकमध्ये झोपायचा, कधी स्टेशनवर. २००२ मध्ये गेला तेव्हा पन्नास वर्षांचा होता. पिट्सबर्गच्या शवागारात बेनेट ओमालू नावाच्या नायजेरियातून आलेल्या तरुण डॉक्टरने त्याचा मेंदू तपासायचं ठरवलं, आणि वरून धडधाकट दिसणाऱ्या त्या मेंदूच्या कापांत त्यांना मुष्टियोद्ध्यांच्या मेंदूत सापडणारी खराबी दिसली. तो शोधनिबंध २००५ मध्ये आला. खेळाचा या आजाराशी संबंध आहे हे लीगच्या अधिकाऱ्याने उघडपणे मान्य करायला २०१६ उजाडलं. त्यातली एक गोष्ट मला फार लागली. दर वेळी माणूस बेशुद्ध पडावा असा मोठा मार लागत नाही. लाइनवरच्या माणसाला दर डावात समोरच्याशी टक्कर घ्यावीच लागते, छोटी, रोजची, कुणाच्या लक्षातही न येणारी. फिल्म थांबवावी असं तिच्यात काहीच नसतं.

तेव्हापासून १०,३६३ कडे मला पहिल्यासारखं बघता येत नाही. ज्या आकड्याने मला त्या माणसाबद्दल आदर वाटायला लावला तोच आकडा टकरींचाही आहे. दोन वेगळे हिशेब मांडायची सोयच नाही. तो कधी बाहेर आला नाही यातच त्याचं मोठेपण आहे आणि यातच माझी भीती. २०१७ मध्येच, दंडाचा स्नायू फाटण्याआधी, थॉमस एका मुलाखतीत म्हणाला होता की आपल्याला आत्ताच विसरायला होतंय, ते वयाने असेल किंवा फुटबॉलने. तेव्हा तो बत्तीस वर्षांचा होता. ज्या शांतपणे तो मागे सरकत उभा राहायचा त्याच शांतपणे त्याने हे सांगितलं. या खेळाने मला काय दिलं तेही मला माहीत आहे, काय घेईल तेही, असा काहीसा त्याचा सूर होता. मी त्या मुलाखतीचा तेवढाच भाग पुन्हा पुन्हा पाहिला. त्याच्या जागी माझ्या मुलाचा चेहरा ठेवून पाहिला. मग बंद केलं.

ओहायोत दर हंगामाआधी पालकांना डोक्याच्या दुखापतीची माहिती वाचून सही करावी लागते. यंदाचा कागद जेवणाच्या टेबलावर बरेच दिवस पडून होता. नवऱ्याचं म्हणणं, शाळेतली चार वर्षं आणि थॉमसची अकरा यांत फरक आहे. आहेच. शिवाय लेकात जे बदललंय ते मी बघतेय. पूर्वी वर्गात मागे बसून अंग चोरणारा हा मुलगा, आपण फार मोठे दिसतो म्हणून फोटोत वाकून उभा राहायचा. आता ताठ उभा राहतो. चार पोरांबरोबर खांद्याला खांदा लावून एका क्षणी हलायचं, शेजारच्याच्या श्वासावरून तो कुठे जाणार ते ओळखायचं, हे त्याला कुठल्याही बक्षीस समारंभाने दिलं नसतं. मी सही करायची ठरवलं, पण आधी त्याला समोर बसवलं. म्हटलं, एक वचन दे. डोक्यात जरा जरी घण्ण झालं, डोळ्यांपुढे काही आलं, तर त्या डावात, त्या क्षणी हात वर करून बाहेर यायचं. स्कोअर बघायचा नाही, कोचकडे बघायचं नाही, तुझ्या जागी कोण जाईल याचा विचार करायचा नाही.

त्याने बराच वेळ कागदाकडे पाहिलं. मग विचारलं, "जो थॉमस आला असता का गं, बाहेर?"

"नसता आला," मी म्हटलं. "म्हणूनच सांगतेय."

"मग तो जो थॉमस झालाच नसता, आई."

यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं, आणि आहे असं मी दाखवलंही नाही. वचन मात्र घेतलं. त्याने दिलं, आणि फ्रिज उघडून उभा राहिला.